उजव्या कुशीवर

रिकामी गोंडोला पाण्यावर सरळ बसत नाही. ती उजव्या अंगावर कललेली असते. व्हेनिसमध्ये सेंट मार्क चौकाच्या पाठीमागे, कमानींखालून पलीकडे गेलं की बाचिनो ओर्सेओलो नावाचं पाण्याचं आटोपशीर कुंड लागतं. चहूबाजूंनी इमारती आणि मध्ये एकमेकींना खेटून बांधलेल्या काळ्या नावा. एका दिवसासाठी आलेल्या सहलींचे गट बहुधा इथेच गोंडोलेत चढतात. रांगेत उभं असताना नीट पाहिलं तर दिसतं, की रिकाम्या नावा सगळ्याच्या सगळ्या एकाच बाजूला झुकल्या आहेत. मग एखादीचा नावाडी येतो, पिछाडीवर डाव्या कडेला पाय रोवून उभा राहतो आणि त्याच्या वजनासरशी ती सरळ होते.

तिची बांधणीच तशी आहे. लांबी अकरा मीटरच्या किंचित आत, रुंदी जेमतेम दीड मीटर. नाळेपासून पिछाडीपर्यंत मधोमध दोरी ताणली, तर डावा भाग उजव्यापेक्षा २४ सेंटिमीटरने जास्त भरतो. नावाडी एकच, वल्हं एकच आणि तेही कायम उजव्या बाजूला. एका बाजूने वल्हवलं की कोणतीही नाव दुसरीकडे वळू लागते. गोंडोलेचं तोंडही प्रत्येक रेट्याबरोबर डावीकडे जायला हवं, पण तिचं वाकडं अंग तिला तितक्याच ओढीनं उजवीकडे नेतं. दोन्ही ओढी एकमेकींना खाऊन टाकतात आणि ती नाकासमोर जाते. कोकण-गोव्याच्या किनाऱ्यावर उलांडीच्या होड्या ज्यांनी पाहिल्या आहेत, त्यांना दोन्ही अंगं सारखी नसलेली होडी नवी नाही. पण तिथे तोल राखणारा ओंडका बाहेर, आडव्या दांड्यांना बांधलेला, डोळ्यांना दिसतो. गोंडोलेनं आपली उलांडी अंगातच मुरवून घेतली आहे.

आपल्याकडून युरोपच्या सहलीला जाणाऱ्यांच्या वाट्याला व्हेनिस बहुतेकदा एकच दिवस येतं. मुक्काम मेस्त्रे किंवा पादुआकडच्या हॉटेलात. सकाळी बस ट्रोंकेत्तोच्या धक्क्यावर सोडते, तिथून मोटारबोट जुदेक्काच्या रुंद कालव्यातून सेंट मार्कच्या दिशेनं निघते. बोटीतून उतरलं की निःश्वासांचा पूल, डोजेंचा, म्हणजे इथल्या जुन्या शासकांचा, राजवाडा, चौक, काच फुंकणाऱ्याचं प्रात्यक्षिक, जेवण आणि कार्यक्रमपत्रिकेत ठळक अक्षरांत छापलेली गोंडोलेतली अर्ध्या तासाची फेरी. शहरात मुक्काम न करता येणाऱ्यांकडून २०२४ च्या २५ एप्रिलपासून गर्दीच्या ठरावीक दिवशी पाच युरो प्रवेशशुल्क घेऊ लागले. त्याच वर्षी गटात २५ पेक्षा जास्त माणसं नकोत आणि वाटाड्यानं लाउडस्पीकर वापरायचा नाही, असेही नियम आले. त्यामुळे वाटाड्याचा आवाज आता कानातल्या छोट्या यंत्रातून येतो. त्यानं वर धरलेल्या झेंड्यावर नजर ठेवायची आणि गल्ल्यांमधून चालत राहायचं.

या धावपळीत गोंडोला समोर येते ती फोटोतल्या ओळखीची म्हणून. आपल्या पिढ्यांनी तर तिला पडद्यावर आधीच पाहिलेलं असतं. १९७९ च्या 'द ग्रेट गॅम्बलर'मध्ये झीनत अमान आणि अमिताभ बच्चन गोंडोलेत बसलेले आहेत, आवाज आशाबाईंचा आणि संगीत राहुल देव बर्मन यांचं. ते गाणं ऐकत मोठी झालेली माणसं आज साठी-सत्तरीत सहलीला जातात. गोंडोलेत पाय ठेवताना त्यांच्या चेहऱ्यावर जे उमटतं ते मला फार मोलाचं वाटतं. नव्या जागी आल्याची नवलाई त्यात कमी असते. फार दिवसांनी कुणीतरी भेटल्याचा आनंद जास्त असतो. जर्मन कवी गटे याची गोष्ट याच जातीची आहे. त्याच्या वडिलांनी इटलीच्या प्रवासातून गोंडोलेची एक खेळण्यातली प्रतिकृती आणली होती. लहानपणी ती हातात मिळणं हे मोठं बक्षीस. १७८६ साली तो स्वतः व्हेनिसला पोहोचला आणि खऱ्या गोंडोला समोर आल्या, तेव्हा ते लहानपण त्याला परत भेटलं, असं त्यानं लिहून ठेवलं आहे. आपल्याकडच्या दिवाणखान्यांतल्या काचेच्या कपाटात प्लास्टिकची, आत दिवा लागणारी गोंडोला अजून दिसते. ती बघत मोठं झालेलं एखादं मूल पुढे केव्हातरी त्या कुंडाशी उभं राहील, तेव्हा त्यालाही तसंच होणार.

मात्र बसताना एक गोष्ट अशी घडते, की त्यामुळे गोंडोलेतलं सर्वांत पाहण्यासारखं पाहायचं राहून जातं. मुख्य बैठक नाळेकडे तोंड करून असते. प्रवाशांना समोर पाणी, पूल, खिडक्यांतल्या कुंड्या दिसतात. नावाडी त्यांच्या पाठीमागे उभा. सारी कला पाठीशी चाललेली असते आणि अर्धा तास संपेपर्यंत बहुतेकांनी मान वळवलेली नसते.

वाटाडे दाखवतात ते पुढचं लोखंडी फणं. त्याला फेर्रो म्हणतात. पुढे आलेले सहा दात म्हणजे शहराचे सहा भाग: सान मार्को, कास्तेल्लो, कान्नारेज्जो, सान पोलो, सांता क्रोचे, दोर्सोदुरो. मागे वळलेला एक दात म्हणजे जुदेक्का बेट, वरचा गोलवा म्हणजे डोजेची टोपी, आणि सगळ्याचा वळसा म्हणजे मोठा कालवा. ही जुळणी नंतरची असावी, पण सांगायला आणि लक्षात ठेवायला छान आहे. एका दिवसात शहराचा नकाशा डोक्यात बसवायचा तर इतकी सोपी युक्ती दुसरी नाही. मला तरी त्याहून अधिक महत्त्वाचं वाटतं ते फण्याचं वजन. पिछाडीच्या टोकावर एक धडधाकट माणूस उभा असतो, त्याच्याविरुद्ध समोरच्या टोकालाही काही वजन लागतंच.

खरी बघण्याची चीज आहे फोर्कोला. उजव्या कडेला उभा असलेला अक्रोडाच्या लाकडाचा एक पिळदार तुकडा, त्यावर वल्हं टेकतं. वल्हं त्याला बांधलेलं नसतं, कडीत अडकवलेलं नसतं, नुसतं टेकलेलं असतं. अक्रोडाच्या बुंध्याचा उभा चौथा भाग घ्यायचा, वर्षानुवर्षं सुकवायचा आणि मग एकाच अखंड लाकडातून फोर्कोला कोरून काढायची. तिला सपाट बाजू अशी कुठे नाहीच. प्रत्येक खोबणीला, प्रत्येक वळणाला काम आहे. वल्हं या खाचेत ठेवलं की नाव पुढे जाते, खाली त्या बाकावर टेकवलं की जोर लावून जागची हलते, इकडे ठेवलं की थांबते, तिकडे ठेवलं की मागे येते, आणखी एका ठिकाणी धरलं की आडवी सरकते. चालकाच्या हाताशी मोटारीचे जितके गिअर असतील त्याहून जास्त जागा या एका लाकडात आहेत आणि नावाडी त्या न बघता, पावलांच्या आणि मनगटाच्या अंदाजानं बदलत असतो. फोर्कोला आणि वल्ही घडवणाऱ्या कारागिराला रेमेर म्हणतात. ज्याच्यासाठी घडवायची त्या नावाड्याची उंची आणि उभं राहण्याची ढब त्याला ठाऊक असावी लागते. असे कारागीर आता हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच उरले आहेत. त्यांच्या दुकानांत लोक फोर्कोला शिल्प म्हणूनही विकत घेतात. ती तशी आहेच. पण कोणत्याही शिल्पकारानं डोक्यातून तिचा आकार काढलेला नाही. शतकानुशतकं वल्हं जिथे जिथे घासलं, टेकलं, अडलं, तिथे तिथे लाकूड ठेवलं गेलं किंवा काढलं गेलं.

आणि वल्हं मारण्याची रीत. व्हेनिसमध्ये बसून, पाठ पुढे करून वल्हवत नाहीत. उभं राहून, जायचं त्या दिशेला तोंड करून वल्हवतात. याला कारण तिथलं पाणी आहे. शहर खाजणात वसलेलं आहे: ११८ बेटं, त्यांच्यामधून कालवे, बाहेर चिखलाची मैदानं आणि रोजची भरती-ओहोटी. खोल वाट कुठे आणि गाळ कुठे हे उभ्या माणसाला दिसतं, बसलेल्याला दिसत नाही. पाणी उथळ, म्हणूनच गोंडोलेचं बूड सपाट. तिची नाळ आणि पिछाडी वर उचललेली आहे, त्यामुळे अकरा मीटर लांबीतला थोडाच भाग पाण्याला टेकतो आणि अरुंद कालव्यात ती जागच्या जागी फिरू शकते. मान वळवलीत तर दिसेल, की नावाडी वल्हं पुढे रेटतो तेव्हा नाव चालते आणि तेच वल्हं पाण्यातून बाहेर न काढता, पातं आडवं करून मागे आणतो तेव्हा दिशा सुधारते. एका हालचालीत ढकलणं आणि दुसरीत सावरणं. आंधळ्या वळणावर तो "ओए" अशी हाळी देतो आणि कोपऱ्यापलीकडून कुणीतरी तशीच हाळी परत करतो. भोंगा नाही, आरसा नाही. फण्यानं समोरच्या भिंतीचा गिलावा खरवडला जाईल असं वाटत असताना बोटभर अंतरावरून अकरा मीटरची नाव काटकोनात वळते.

गाणं मात्र तो बहुधा गात नाही. गाणारा आणि अकॉर्डियनवाला हवा असेल तर वेगळा ठरवावा लागतो. ते गातात ती गाणीही पुष्कळदा नेपल्सकडची असतात.

तिचं वय विचारलं तर लेखी पुरावा १०९४ सालचा निघतो. डोजे व्हिताले फालिएर याच्या फर्मानात तिचं नाव आलं आहे. ती तेव्हा कशी दिसत होती कोण जाणे, पण चारशे वर्षांनंतरची तिची छबी आपल्याकडे आहे. व्हित्तोरे कार्पाच्च्योनं १४९४ च्या सुमाराला काढलेल्या चित्रात रिआल्तोचा पूल अजून लाकडी आहे आणि त्याच्याखाली गोंडोलांची दाटी आहे. त्या आखूड आहेत, अंगानं सारख्या आहेत, काहींवर रंगीत कापडाची छपरं आहेत, नावाड्यांच्या अंगावर भरजरी कपडे आहेत. अकादेमिया संग्रहालयात हे चित्र पाहायला मिळतं. सोळाव्या शतकात शहरात दहा हजार गोंडोला होत्या असा अंदाज सांगतात. त्या काळात खानदानी घराण्यांमध्ये सोनेरी नक्षी, रेशीम आणि रंग यांची इतकी चढाओढ लागली, की व्हेनिसच्या प्रजासत्ताकानं कायदे करून ही उधळपट्टी रोखली. काळा रंग सरसकट झाला तो तेव्हापासून, आणि लाकडाला पाणी लागू नये म्हणून डांबर फासायची रीत तर आधीपासूनच होती. मधोमध फेल्झे नावाची झाकलेली खोली असायची. थंडीत ऊब, पावसात आडोसा आणि बाहेरच्यांना आत कोण आहे ते दिसू नये हीही सोय. विसाव्या शतकात प्रवाशांना शहर बघायचं होतं, तेव्हा ती खोली गेली.

काळ्या रंगाचं शोकाशी नातं जोडणं प्रवासवर्णनकारांना फार आवडतं. मला ते उथळ वाटतं, तरी तिनं ते कामही केलेलं आहे. १८८३ मध्ये संगीतकार वाग्नर व्हेनिसमध्येच वारला आणि त्याचा देह मोठ्या कालव्यातून गोंडोलेनंच रेल्वे स्थानकापर्यंत नेला. १९७१ मध्ये संगीतकार स्ट्राव्हिन्स्कीची शवपेटी गोंडोलेतून सान मिकेले या दफनभूमीच्या बेटावर गेली. लग्नाच्या वराती तर आजही निघतात. ज्या गावात रस्ता म्हणजे पाणी, तिथे जन्ममरणाचं सगळं सामान पाण्यावरूनच जाणार.

आता तिच्या आयुष्यातला मला सर्वांत विलक्षण वाटणारा भाग. १७९७ मध्ये नेपोलियनपुढे प्रजासत्ताक कोसळलं. जुन्या घराण्यांचे पैसे आटत गेले. पूर्वी घरची गोंडोला दोन नावाडी चालवत, एक पुढे, एक मागे. दोघांचा पगार परवडेना, तेव्हा एकच राहिला. १८४६ मध्ये मुख्य भूमीशी जोडणारा रेल्वेपूल झाला. १८५४ पर्यंत मोठ्या कालव्यावर रिआल्तो हा एकच पूल होता, मग दुसरा आला. आणि १८८१ मध्ये वाफेवर चालणारी बोट, व्हापोरेत्तो, मोठ्या कालव्यात शिरली. नावाड्यांनी संप केला, पण यंत्र थांबलं नाही. गोंडोलेचं रोजचं काम तिथून सुटायला लागलं. नेमकी हीच ती वर्षं: दोमेनिको त्रामोंतिन या नाव बांधणाऱ्यानं १८८४ मध्ये आपला कारखाना काढला आणि एकट्या वल्ह्यासाठी गोंडोलेचं अंग वाकडं करण्याचं तंत्र पूर्णत्वाला नेलं. म्हणजे आज आपण पाहतो ती गोंडोला, तो डौलदार कल, तो २४ सेंटिमीटरचा फरक, हे काही वैभवाच्या दिवसांतलं लेणं नाही. पैसे कमी पडले, एक माणूस कमी झाला, वर यंत्राची स्पर्धा आली, आणि उरलेल्या एका माणसाला कमीत कमी श्रमात जास्तीत जास्त अंतर कापता यावं म्हणून कारागिरानं बुद्धी पणाला लावली. इतकी काटकसरी, इतकी विचारपूर्वक घडवलेली वस्तू लोक 'शाही थाट' म्हणून पाहतात याचं मला वाईट वाटतं. तिचं कौतुक तिच्या कष्टासाठी व्हायला हवं.

ती बांधायला काही महिने लागतात. २८० तुकडे आणि आठ जातींची लाकडं: ओक, फर, लार्च, चेरी, एल्म, अक्रोड, लाइम आणि महोगनी. फळ्या वाकवण्यासाठी एका अंगानं पाणी मारत राहायचं आणि दुसऱ्या अंगाला बोरूचा जाळ द्यायचा. जिथे ती बांधतात आणि दुरुस्त करतात त्या जागेला स्क्वेरो म्हणतात. सान त्रोव्हासोचा स्क्वेरो सतराव्या शतकातला आहे. चालू कारखाना असल्यामुळे तिथे सहसा आत जाता येत नाही, पण कालव्याच्या अलीकडच्या काठावरून सगळं दिसतं. शहरभर दगडविटांच्या इमारती आणि इथे मात्र डोंगरातल्यासारखं लाकडी घर, कारण लाकूड आणि सुतार दोन्ही कादोरेच्या डोंगराळ मुलखातून यायचे. उतारावर ओढून घेतलेल्या दोनतीन गोंडोला पालथ्या पडलेल्या असतात. बुडाला धरलेलं शेवाळ खरवडायचं, तडे बुजवायचे, पुन्हा काळ्या रंगाचे हात द्यायचे. सेंट मार्कपासून चालत वीसेक मिनिटांची वाट. सहलीच्या कार्यक्रमात ही जागा सहसा नसते, आणि ती का नसावी हे मला कळलेलं नाही. काच फुंकण्याच्या प्रात्यक्षिकाइतकीच ती डोळ्यांना आणि मनाला काही देते, आणि तिथे कुणी काही विकायला येत नाही.

तब्येतीनं ती नाजूक आहे आणि तिचा शत्रू म्हणजे लाट. समुद्राची मोठी लाट खाजणात येत नाही. लाटा उठतात त्या मोटारबोटींच्या. व्हेनिसमध्ये कचरा, भाजी, विटा, पार्सलं, रुग्ण, सगळं पाण्यावरून हलतं, त्यात टॅक्सीबोटींची भर. या लाटा काठांच्या पायातला चुना खातात आणि सपाट बुडाच्या नावेला आडव्या हलवतात. १९७५ मध्ये या लाटांच्या निषेधात व्हेनिसकरांनी व्होगालोंगा सुरू केली. त्या दिवशी मोटार बंद, वल्ह्याच्या नावा घेऊन खाजणातून तीसेक किलोमीटरची चक्कर. आता जगभरातून लोक त्यासाठी येतात. २०१३ च्या ऑगस्टमध्ये मोठ्या कालव्यात, रिआल्तोजवळ, व्हापोरेत्तो आणि गोंडोला यांच्या अपघातात एका जर्मन पर्यटकाचा जीव गेला, त्यानंतर त्या पाण्यातल्या वाहतुकीचे नियम कडक झाले. अजस्र प्रवासी जहाजं सेंट मार्कसमोरून जात असत, तीही २०२१ च्या ऑगस्टपासून बंद झाली. २०२० मध्ये गोंडोलेतल्या प्रवाशांची मर्यादा सहावरून पाचावर आणली. माणसांची वजनं वाढली, हे नावाड्यांच्या संघटनेनं दिलेलं कारण. अकरा मीटरच्या वाकड्या नावेत एका माणसाच्या जास्तीच्या भारानंही फरक पडतो.

तिचे सोबती, म्हणजे नावाडी, आज सव्वाचारशेच्या वर आहेत. परवाना महापालिकेचा, परीक्षा देऊन मिळवायचा. धंदा पुष्कळदा बापाकडून मुलाकडे जातो. २०१० मध्ये जोर्जा बोस्कोलो ही पहिली परवानाधारक स्त्री झाली, तीही नावाड्याचीच मुलगी. आज दिवसाची अर्ध्या तासाची फेरी ९० युरो, रात्रीची ११०. हे दर महापालिका ठरवते आणि ते माणशी नसून नावेमागे असतात, इतकं प्रत्येकाला ठाऊक असलेलं बरं. खासगी गोंडोला जवळजवळ संपल्या. पेगी गुगेनहाइम या कलासंग्राहक बाईंकडे अखेरपर्यंत स्वतःची होती, ती आता नौदलाच्या संग्रहालयात आहे. म्हणजे पर्यटक नसेल तर नावाडी नाही, नावाडी नसेल तर फोर्कोला कोरणारा नाही, सान त्रोव्हासोचा सुतार नाही. एका दिवसाच्या पाहुण्यांनी शहर गुदमरतं हे खरं आहे. १९५१ मध्ये बेटांवर पावणेदोन लाख लोक राहत होते, आज पन्नास हजारही नाहीत. आणि त्याच पाहुण्यांच्या पैशावर आठ लाकडांची ही विद्या जिवंत आहे, हेही तितकंच खरं आहे. दोन्ही खरं असलेल्या ठिकाणी आपण जातो आहोत, तर निदान डोळे उघडे ठेवून जावं. फेरीत एकदा तरी मागे वळावं. फोटो काढायचाच तर फण्याबरोबर फोर्कोलेचाही काढावा, वल्हं कुठे टेकतंय ते पाहावं. नावाड्याच्या कामाची कुणी दखल घेतली की तो खुलतो, मोडक्या इंग्रजीत का होईना दोन गोष्टी सांगतो.

वाटाडे दुपारी तास-सव्वा तास मोकळा देतात. बहुतेकांचा तो चौकातल्या दुकानांत जातो. माझं ऐकाल तर चौकातल्या घड्याळाच्या मनोऱ्याखालून मेर्चेरीच्या गल्लीत शिरा, ती सरळ रिआल्तोच्या पुलाशी नेते. पूल ओलांडून उजवीकडे भाजीबाजार, त्याच्या पुढे कमानींखालचा मासळीबाजार. रविवारी दोन्ही बंद आणि मासळी सोमवारीही नसते. तिथेच काठावर त्रागेत्तोचा धक्का आहे. मोठ्या कालव्यावर आजही चारच पूल आहेत, तेव्हा मधल्या ठिकाणी लोकांना पार करायला दोन नावाड्यांची, जरा रुंद, बिनसजावटीची गोंडोला असते. मखमल नाही, पितळी घोडे नाहीत. बाहेरच्यांना दोन युरो, गावकऱ्यांना त्याहून कमी. गावकरी त्यात उभे राहूनच जातात, हातात भाजीची पिशवी, काखेत वर्तमानपत्र. तुम्हीही उभे राहा, पाय जरा फाकवून, आणि या वेळी तोंड मागच्या नावाड्याकडे करा. दोनेक मिनिटांत सांता सोफियाचा काठ येतो. तिथून स्त्रादा नोव्हाच्या रुंद रस्त्यावर बाहेर पडलात, की सेंट मार्ककडे नेणाऱ्या पिवळ्या पाट्या भिंतींवर लागलेल्या असतात, आणि वाटाड्यानं दिलेल्या वेळेतली वीस-पंचवीस मिनिटं परतीच्या चालण्यापुरती शिल्लक राहतात.